आवळा कोणाचा, कोहळा कोणाचा?



आवळा देऊन कोहळा काढणे ही म्हण आपण लहानपणापासून ऐकतो. थोडे द्यायचे आणि बदल्यात मोठे काढून घ्यायचे. कोरडवाहू शेतकऱ्यावर तर ही म्हण रोज चालवली जाते. सध्या गावोगाव पुन्हा आवळ्याच्या लागवडीची चर्चा आहे. कापसाचा खर्च निघत नाही, ज्वारीला कोणी विचारत नाही, तेव्हा माणूस झाडाकडे वळतो. वळायला हरकत नाही. पण हिशेब मांडून वळा.

झाड म्हणून आवळ्याला नाव ठेवायला जागा नाही. चैत्राच्या आगेमागे तो फुलतो. फळ धरते आणि ते इवलेसे फळ सारा उन्हाळा वाढ थांबवून बसते. पावसाळा लागला की फुगू लागते आणि कार्तिक ते पौष या काळात तोडणीला येते. म्हणजे विहिरी आटतात तेव्हा मोठे झालेले झाड पाणी मागत नाही. पहिले दोन-तीन उन्हाळे मात्र रोप जगवावेच लागते. मुरमाड माळ, हलकी जमीन, एवढेच काय, चोपण जमीनही त्याला चालते. पाणी साचणारी भारी काळी तेवढी चालत नाही. गुण तर सांगायलाच नकोत. हिरडा, बेहडा आणि आवळा मिळून त्रिफळा होतो, च्यवनप्राश आवळ्यावाचून होत नाही आणि क जीवनसत्त्वात संत्रे त्याच्या जवळपासही येत नाही. कार्तिकात आवळीखाली जेवायला बसणाऱ्या आपल्या माणसांना हे पुस्तकातून शिकावे लागले नाही.

मग चुकते कुठे?

वीसेक वर्षांपूर्वी कृषी पदवी घेऊन मी नुकताच नोकरीला लागलो होतो. एका गावातल्या चार शेतकऱ्यांना आवळा लावा म्हणून मीच सांगितले. खड्डा केवढा, शेणखत किती, कलम कोणते, सारे सांगितले. विकायचा कुठे, हे सांगितले नाही. मलाही ते कोणी शिकवले नव्हते. सहाव्या वर्षी झाडे लदली. पोती भरून माल शहराच्या बाजारात गेला. जो भाव मिळाला त्यातून तोडणीची मजुरी आणि टेम्पोचे भाडे वजा जाता हातात काही उरले नाही. पुढच्या वर्षी फळे झाडाखालीच सडली. त्यापुढच्या वर्षी एकाने दोन झाडे ठेवून बाकीच्यांवर कुऱ्हाड चालवली. तो मला काही बोलला नाही. बोलला असता तर बरे झाले असते.

हे त्या गावापुरते नाही. महाराष्ट्रात १९९० साली रोजगार हमीशी जोडलेली फळबाग योजना आली. २०१८ साली भाऊसाहेब फुंडकर फळबाग योजना सुरू झाली, तिच्या फळझाडांच्या यादीतही आवळा आहे. तिच्यात अनुदान तीन वर्षांत ५०, ३० आणि २० टक्के असे वाटून ठेवले. आता झाडाचे वेळापत्रक पाहा. कलमी आवळा फळाला लागतो चौथ्या वर्षाच्या सुमारास, भरात येतो आठव्या-दहाव्या वर्षी. अनुदान संपते तिथून आपला हिशेब सुरू होतो. पैसा लागवडीला आहे, विक्रीला नाही.

आवळा हे पेरूसारखे बसून खायचे फळ नाही. तुरट असते, माणूस एक-दोन खातो. बाकीचा सारा माल कारखान्यात, मुरंब्यात, कँडीत, औषधात जातो. तोडल्यावर आठवडाभरात तो खराब होऊ लागतो. सगळ्यांचा माल एकदमच निघतो आणि तोही कापूस वेचणीच्या दिवसांत, जेव्हा मजूर मिळत नाही. आपल्याला थांबता येत नाही, घेणाऱ्याला येते. जो थांबू शकतो तोच भाव ठरवतो. फळे-भाजीपाला २०१६ साली बाजार समितीच्या नियमनातून मुक्त झाला हे चांगलेच झाले. पण बंधन सुटले म्हणजे गिऱ्हाईक दारात आले असे नाही.

थांबण्याची ताकद आपल्याला आवळकाठीतून मिळू शकते. फळ धुवायचे, वाफवायचे, बी काढायचे आणि फोडी हिवाळ्याच्या उन्हात कडक वाळवायच्या. कोरडी ठेवली तर ती महिनोन्महिने टिकते. पण यातही हिशेब चुकवू नका. शंभर किलो आवळ्याचे वाळून पंधरा-वीस किलोही जेमतेम भरतात. सुक्या मालाचा भाव ऐकून हुरळू नका, घरच्या बायांची मजुरी धरून मगच बोला. पाकिटात भरून विकायचे असेल तर अन्न सुरक्षा कायद्याखाली नोंदणी करावी लागते.

म्हणून जिल्हा बैठकीपुढे तीन गोष्टी ठेवतो.

पहिली: प्रत्येक गावाने आपल्याकडची फळावर आलेली झाडे मोजावीत. चार पोत्यांचा माल घेऊन गेलेला शेतकरी भाव मागतो, चार ट्रकांचा माल सांगणारा तालुका भाव ठरवतो.

दुसरी: घेणाऱ्याशी बोलणी फळ धरण्याआधी, आणि लेखी. माल झाडावर पिकल्यावरची बोलणी ही बोलणी नसते, विनवणी असते.

तिसरी: नवी लागवड कापसाच्या काळ्या रानात नको. मुरमाड तुकडा निवडा. आठ मीटर अंतराने एकरी साठेक झाडे बसतात, मधल्या जागेत तूर-मूग घ्या. एकाच जातीची सारी झाडे लावली तर फळधारणा कमी होते, म्हणून चकैया आणि एनए-७ अशा निदान दोन जाती मिसळून लावा.

ज्याला या तिन्ही गोष्टी पटतील आणि जमतील त्याने खुशाल लावावा. केवळ अनुदान आहे म्हणून कोणी लावू नये. बैठकीला येताना आपल्या गावच्या झाडांचा आकडा लिहून आणा.