स्वतःची नोंद, परक्याच्या आवाजात

काही वर्षांपूर्वी माझ्या एका शिक्षकांवर मी मराठी विकिपीडियावर लेख लिहिला. सरांनी यवतमाळ जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी आयुष्यभर शिकवले. तीन कवितासंग्रह आणि विखुरलेले समीक्षालेखन, एवढीच त्यांची शिदोरी. ‘मराठी कवितेला नवे वळण देणारे कवी’ असे मी पहिल्याच वाक्यात लिहून टाकले. आठवड्याभरात त्या वाक्यापुढे दोन शब्द चिकटले : ‘संदर्भ हवा’. मला राग आला. मग ध्यानात आले की त्या विधानाला संदर्भ म्हणून केवळ मीच होतो.

आत्मस्तुती आपल्या वाङ्मयव्यवहाराला नवी नाही. संमेलनाध्यक्षपदासाठी स्वतःच मते मागत फिरण्याची आपल्याला अखेर लाज वाटली आणि साहित्य महामंडळाने घटना बदलून ती निवडणूकच बंद केली. २०१९च्या यवतमाळ संमेलनाच्या अध्यक्ष अरुणा ढेरे या नव्या पद्धतीने निवडल्या गेलेल्या पहिल्या. गौरवग्रंथ, अमृतमहोत्सवी विशेषांक, मलपृष्ठावरचे अभिप्राय यांतली स्तुती आपण ओळखून वाचतो, कारण बोलणारा कोण हे तिथे ठाऊक असते. कोशातील नोंद मात्र तृतीयपुरुषी असते. ‘मी थोर आहे’ हे वाक्य आत्मचरित्रात फार तर हास्यास्पद ठरेल. तेच ‘ते थोर आहेत’ असे होऊन कोशात आले की वाचकाची फसवणूक होते.

हा मोह थोरामोठ्यांनाही सुटलेला नाही. विकिपीडियाचे एक संस्थापक जिमी वेल्स यांनी २००५मध्ये स्वतःवरील लेखातून लॅरी सँगर यांचा सहसंस्थापक म्हणून असलेला उल्लेख काढला होता. हे उघडकीला आले, कारण तेथील प्रत्येक बदल पानाच्या इतिहासात तारखेसह राहतो. मराठी विश्वकोशातील नोंदीखाली लेखकाचे नाव असते, मागे संपादक मंडळ असते. विकिपीडियावर ती राखण वाचकालाच करावी लागते. मोबदला घेऊन लिहिणाऱ्याने तसे जाहीर करावे, अशी अट २०१४पासून आहे. पण शिष्याची भक्ती, मुलाचा अभिमान किंवा सहकाऱ्याचा लोभ कोणत्या अटीत बसवणार?

आणि इथेच आमच्यासारख्या जिल्ह्याची खरी अडचण आहे. मुंबई-पुण्याच्या लेखकाची परीक्षणे होतात, मुलाखती छापल्या जातात. वणी-पुसद-घाटंजीकडच्या कवीला जवळून जाणणारा बहुधा त्याचा विद्यार्थी किंवा नातलगच असतो. हितसंबंध आहे म्हणून त्या सर्वांना लिहिण्यास मनाई केली, तर पान कोरेच राहील. मोकळीक दिली, तर त्याचे मानपत्र होईल.

या पेचातून वाट काढणारे उदाहरण शेजारच्या अमरावती जिल्ह्यातच आहे. ऋद्धिपूरला तेराव्या शतकात म्हाइंभटांनी लीळाचरित्र सिद्ध केले. ते चक्रधरस्वामींचे अनुयायी, म्हणजे हितसंबंध तर उघडच. परंतु त्यांनी केवळ स्वतःच्या श्रद्धेवर विसंबून लिहिले नाही. ज्यांनी पाहिले-ऐकले होते त्यांना जाऊन विचारले. महानुभाव परंपरेनेही पाठभेद पुसून न टाकता ‘वासना’ म्हणून जपले. जवळीक हा दोष नव्हे; जवळीक लपवणे आणि साक्षीपुरावा न शोधणे हा दोष आहे.

मी ते ‘नवे वळण’ काढून टाकले. चर्चापानावर सरांशी असलेले नाते लिहिले. संग्रहांची प्रकाशनवर्षे दिली आणि एका जुन्या अंकातील परीक्षणाचा संदर्भ जोडला; ते परीक्षण प्रतिकूल होते. लेख निम्म्याने लहान झाला. तो वाचून सर म्हणाले, “आता हा माणूस खरा वाटतो.”

एक ऋण मात्र राहतेच. ज्याला शिष्य नाही, संस्था नाही, शताब्दी साजरी करणारे कुटुंब नाही, त्याची नोंद कोण करणार? साहित्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याने आपल्या गुरूवर लिहिण्याआधी अशा एका अनोळखी लेखकावर लिहावे. ज्याच्याकडून काहीच मिळायचे नाही त्याच्याविषयी लिहिताना, कोशाची भाषा आपसूक साधते.