आई, वय वर्षे ३१

संजय दत्तचा जन्म १९५९चा आणि ‘वास्तव’मध्ये त्याची आई झालेल्या रीमा लागू यांचा १९५८चा. मायलेकांत उणंपुरं वर्षाचं अंतर! हिंदी सिनेमाला हे गणित कधी खटकलं नाही. ‘मैंने प्यार किया’ (१९८९) आला तेव्हा सलमान खान चोवीस वर्षांचा होता, त्याची आई झालेल्या रीमाताई एकतीसच्या. ‘गुमराह’मध्ये तर श्रीदेवी त्यांची मुलगी, जेमतेम पाच वर्षांनी धाकटी. तिशी ओलांडलेला नायक मात्र त्याच काळात खुशाल कॉलेजच्या कट्ट्यावर बसत होता.

रीमाताईंनी हिंदीतल्या आईला रडारडीतून बाहेर काढलं, असं कौतुक नेहमी होतं. ते खरंच आहे. लेकाच्या प्रेमात सामील होणारी, त्याच्याशी मैत्रिणीसारखी बोलणारी आई तोवर दुर्मीळच होती. पण या कौतुकात एक गोष्ट सोयीस्करपणे विसरली जाते. ही बाई मुळात नाटकाची. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या, लेक नयन भडभडे, म्हणजेच रीमाताई, पुण्याच्या हुजूरपागेत शिकलेली, पुढे बँकेत नोकरी सांभाळून नाटक करणारी. जयवंत दळवींच्या ‘पुरुष’मधली त्यांची अंबिका ज्यांनी पाहिली, त्यांना या अभिनेत्रीचा आवाका वेगळा सांगावा लागत नाही. समोर नाना पाटेकरांचा गुलाबराव! अशा नटापुढे पाय रोवून उभं राहणाऱ्या अभिनेत्रीला सिनेमाने काय दिलं? आरतीचं ताट, लग्नघर आणि काळजीचा चेहरा. ‘वास्तव’मधल्या शांताला निदान शेवटी एक निर्णय घेता आला. सुटकेसाठी गयावया करणाऱ्या लेकावर, रघूवर, ती स्वतः गोळी झाडते. महेश मांजरेकरांनी तो शेवट त्यांच्या भरवशावर लिहिला असावा, असं मला राहून राहून वाटतं.

त्यांच्यातली विनोदी नटी मात्र टीव्हीनेच हेरली. १९९४मध्ये थिएटरात ‘हम आपके हैं कौन’ तुडुंब चालला होता आणि त्याच वर्षी छोट्या पडद्यावर ‘श्रीमान श्रीमती’तली कोकी आणि ‘तू तू मैं मैं’मधली देवकी अवतरली. देवकीला सून राधा पुरून उरते, पण सासूही हटत नाही. सुप्रिया पिळगांवकर आणि रीमाताईंची ती जुगलबंदी आजही बघा. वाक्य संपायच्या आत दुसरीचं उत्तर तयार, आणि तरी एकही शब्द सांडत नाही. ही तालीम नाटकाचीच. सचिन यांचं दिग्दर्शन, त्यामुळे लयीला धक्का लागायचा प्रश्नच नव्हता. इथे त्या कुणाच्या तरी आई म्हणून कोपऱ्यात उभ्या नव्हत्या. भांडण त्यांचं होतं, हशाही त्यांचाच. (आजच्या सासू-सुनांच्या मालिकांत विषप्रयोग होतात, भांडण कुणाला येत नाही!)

फिल्मफेअरने सहायक अभिनेत्रीसाठी चार वेळा त्यांना नामांकन दिलं, बाहुली एकदाही दिली नाही. अखेरच्या काळात ‘नामकरण’ या मालिकेत त्या कठोर, कपटी दयावंती करत होत्या. मायाळू आईची सवय झालेल्या प्रेक्षकाला दचकवणारं काम होतं ते. चित्रीकरण अगदी शेवटपर्यंत चालू होतं. १८ मे २०१७ला त्या गेल्या. साठीही गाठली नव्हती. मालिका थांबली नाही, दयावंती दुसऱ्या अभिनेत्रीकडे गेली.