भुकेल्याने चूल कोठून आणायची?

अमेरिकेत सरकारी अन्नमदतीचे कार्ड घेऊन एखादा गरीब माणूस किराणा दुकानात गेला, तर त्याला कच्ची कोंबडी विकत घेता येते. भाजून गार केलेली, फ्रीजमध्ये ठेवलेली कोंबडीही घेता येते. पण त्याच दुकानातील नुकतीच भाजलेली, वाफाळती कोंबडी त्याने मागितली तर ते कार्ड चालत नाही! हा विनोद नाही, कायदा आहे.

पूर्वी ज्याला फूड स्टॅम्प म्हणत, ती योजना २००८ पासून 'स्नॅप' या नावाने ओळखली जाते. २०२४ मध्ये चार कोटींहून अधिक लोक तिचा लाभ घेत होते. या पैशातून घेतलेले अन्न घरी नेऊन खाण्यासाठी असावे, ही मूळ अट. आणि तयार गरम पदार्थ तर १९७७ च्या कायद्याने स्पष्ट शब्दांत वगळले. याचा अर्थ असा की, मदत घेणाऱ्या प्रत्येकाला घर आहे, घरात चूल आहे आणि चुलीपाशी उभे राहण्याचे बळ आहे, असे कायदा गृहीत धरतो. फुटपाथवर झोपणाऱ्याचे काय? हात थरथरणाऱ्या म्हाताऱ्याचे काय?

आम्हाला या बाबतीत १९६४ हे साल फार महत्त्वाचे वाटते. त्याआधी चार वर्षे, १ फेब्रुवारी १९६० रोजी, ग्रीन्सबरो येथे चार कृष्णवर्णीय विद्यार्थी वूलवर्थच्या दुकानातील खाण्याच्या काउंटरवर जाऊन बसले आणि त्यांनी कॉफी मागितली. दुकानात त्यांना वस्तू विकत घेता येत होत्या; बसून खाता येत नव्हते. असे हजारो विद्यार्थी बसले, तुरुंगात गेले, तेव्हा कुठे २ जुलै १९६४ रोजी नागरी हक्क कायद्यावर सही झाली आणि हॉटेलांची दारे कायद्याने उघडली. त्यानंतर बरोबर साठ दिवसांनी, ३१ ऑगस्टला, त्याच राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी फूड स्टॅम्प कायद्यावर सही केली. पहिला कायदा म्हणाला, आत येऊन बसा. दुसरा म्हणाला, अन्न घरी न्या. त्याच वर्षी डिसेंबरात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने बर्मिंगहॅमच्या 'ऑलीज बार्बेक्यू' या खानावळीचा निकाल दिला. ती खानावळ कृष्णवर्णीयांना पदार्थ बांधून देत असे, टेबलाशी बसू देत नसे. न्यायालयाने तिला चपराक दिली. पण गरिबीची खूण असलेले कार्ड मात्र त्या टेबलापर्यंत पोचले नाही. कायदा करणाऱ्यांच्या मनात वर्णद्वेषच होता, असे आम्ही म्हणत नाही. या योजनेच्या लाभार्थ्यांत गोऱ्यांची संख्याच सर्वाधिक आहे. परंतु हेतू कोणताही असो, परिणाम काय झाला हे वकिलाने पाहायचे असते.

या नियमाला एक अपवाद आहे. साठ वर्षांवरील वृद्ध, अपंग आणि बेघर यांना, तसेच त्यांच्या पती किंवा पत्नीला, ठरावीक हॉटेलांतून याच कार्डावर तयार जेवण घेता येते. जेवण सवलतीच्या दरात द्यावे लागते. पण हा अपवाद स्वीकारायचा की नाही हे राज्याच्या मर्जीवर! कॅलिफोर्नियाने आधी काही काउंट्यांत आणि सप्टेंबर २०२१ पासून राज्यभर तो लागू केला. पन्नासपैकी बहुसंख्य राज्यांनी मात्र तिकडे पाठ फिरवली आहे.

विरोधक म्हणतात, यात बर्गर-पिझ्झा कंपन्यांचे भले होते. ही टीका खोटी नाही. २०११ मध्ये पिझ्झा हट आणि केएफसीची मालक कंपनी 'यम' हिने या योजनेत शिरण्यासाठी खटपट केली, ती काही करुणेपोटी नव्हे. शिवाय २०२४ मध्ये ही मदत माणशी दिवसाला सरासरी सहा डॉलरच्या आसपास होती. एका साध्या जेवणात दिवसाचा पैसा संपतो. पण मग रक्कम वाढवा, चांगल्या खानावळी निवडा. गरिबाच्या ताटातील वाफ काढून घेणे हा त्यावरचा उपाय कसा?

आणि गंमत पाहा. चक्रीवादळ आले की अमेरिकेचे कृषी खाते त्या भागापुरती गरम अन्नावरची बंदी उठवते, कारण लोकांची स्वयंपाकघरे गेलेली असतात. बेघर माणसाचे स्वयंपाकघर रोजच गेलेले असते, त्याचे काय! उलट ४ जुलै २०२५ च्या कायद्याने बेघरांना कामाच्या अटीतून २०२३ मध्ये दिलेली सूटही काढून घेतली. महिन्याला ८० तासांचे काम दाखवा, नाहीतर तीन वर्षांत तीनच महिने मदत घ्या!

अमेरिकेचे हे रडगाणे आम्ही का सांगतो? कारण आपल्याकडेही तेच झाले आहे. २०११ साली लोकसभेत मांडलेल्या अन्नसुरक्षा विधेयकात निराधारांना दररोज एक जेवण मोफत आणि बेघरांना सामुदायिक स्वयंपाकघरातून परवडणाऱ्या दरात जेवण, असा हक्क लिहिलेला होता. २०१३ चा कायदा झाला तेव्हा तो वगळण्यात आला. उरले ते दरमहा माणशी पाच किलो धान्य. ते आज मोफत आहे, हे मान्य. पण नाक्यावर उभा राहणारा मजूर ते कशावर शिजवणार? सामुदायिक स्वयंपाकघरांची मागणी करणारी याचिका सर्वोच्च न्यायालयात गेली; फेब्रुवारी २०२४ मध्ये न्यायालयाने आदेश देण्यास नकार देऊन हा विषय राज्यांवर सोपवला.

शिजवलेल्या अन्नाबद्दल आपल्या समाजाच्या मनात एक सल आहे, तोही समजून घेतला पाहिजे. येसकराच्या पाळीला दारोदार फिरून आणलेली शिळी भाकरी आपल्या आज्या-पणज्यांनी खाल्ली. ती बाबासाहेबांनी सोडायला लावली. म्हणून सरकारी थाळी म्हटली की आपल्यातील स्वाभिमानी माणूस बिचकतो. पण दारात उभे राहून मिळालेली भाकरी आणि हक्काचे कार्ड दाखवून टेबलाशी बसून घेतलेले जेवण, यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. संविधानाच्या कलम १५(२) मध्ये सार्वजनिक उपाहारगृहांचा उल्लेख उगाच आलेला नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये शाळांत शिजवलेले अन्न देण्याचा आदेश दिला आणि २००४ मध्ये ते शिजवण्यासाठी दलितांना प्राधान्य द्यायला सांगितले, त्यामागेही हेच भान होते.

महाराष्ट्रात २६ जानेवारी २०२० पासून दहा रुपयांची शिवभोजन थाळी सुरू झाली. चांगली योजना. पण ती शासन निर्णयावर उभी आहे, कायद्यावर नाही. जेवण फक्त दुपारचे. रात्रीची सोय नाही. २०२५ मध्ये केंद्रचालकांनी बिले महिनोन्महिने थकल्याच्या तक्रारी केल्या, तेव्हा जेवणाऱ्याला दाद मागायला जागाच नव्हती, कारण त्याचा हक्क कुठे लिहिलेलाच नाही. ज्याला चूल नाही त्याला रेशनकार्डावर धान्याऐवजी शिजवलेले जेवण मागता यावे, तेही कोणत्याही नोंदणीकृत खानावळीत, अशी तरतूद राज्याच्या कायद्यात हवी. छत्तीसगडने केंद्राची वाट न पाहता डिसेंबर २०१२ मध्येच स्वतःचा अन्नसुरक्षा कायदा केला होता. आपल्या विधानसभेत अनुसूचित जातींच्या राखीव जागांवरून २९ आमदार निवडून जातात. अशासकीय विधेयक मांडायला त्यांतला एक पुरे. मसुदा करून द्यायला आम्ही तयार आहोत, फी नको.