टाकून दिलेले उत्तर

डायनोसॉर कशाने नष्ट झाले, असे विचारले तर शाळकरी मूलही 'लघुग्रह आदळला' असे सांगते. ते उत्तर कसे मिळाले, हे मात्र आपण शिकवत नाही. माझी तक्रार त्याबद्दल आहे.

इटलीतील गुब्बियोजवळच्या चुनखडकात जेमतेम एक सेंटिमीटर जाडीचा चिकणमातीचा थर आहे. हा थर साचायला किती काळ लागला, हा भूवैज्ञानिक वॉल्टर अल्वारेझ यांचा प्रश्न होता. त्यांचे वडील लुईस हे नोबेलविजेते भौतिकशास्त्रज्ञ. अवकाशातील धूळ पृथ्वीवर संथपणे पडत असते आणि तिच्यात इरिडियम असते; तेव्हा ते मोजले की काळ कळेल, असे त्यांनी सुचवले. फ्रँक असारो आणि हेलन मिशेल यांनी मोजणी केली. इरिडियम शेजारच्या खडकापेक्षा सुमारे ३० पट भरले! एवढे इरिडियम संथ धुळीतून येणे संभवत नव्हते.

जवळच्या ताऱ्याचा स्फोट झाला असावा, ही कल्पना पुढे आली. ती खरी असती, तर थरात प्लुटोनियम-२४४ सापडायला हवे होते. पहिल्या मोजणीत ते सापडल्यासारखे वाटलेही. पण नव्या नमुन्यावर मोजणी पुन्हा केली, तेव्हा त्याचा मागमूस नव्हता. त्यांनी ती कल्पना सोडून दिली. लघुग्रहाचा सिद्धान्त १९८० मध्ये प्रसिद्ध झाला तो त्यानंतर. मेक्सिकोतील चिक्शुलुब विवराशी त्याचा संबंध १९९१ मध्ये जोडला गेला.

प्रश्न तरीही पुरता मिटलेला नाही, कारण त्याच सुमारास दख्खनचा लाव्हाही वाहत होता. कच्छमधील अंजार येथे लाव्हाच्या थरांमधल्या गाळात इरिडियम आढळले. उद्रेक आघातापूर्वीच सुरू झाले होते, असा निष्कर्ष अहमदाबादच्या भौतिक संशोधन प्रयोगशाळेतील संशोधकांनी त्यावरून १९९५ मध्ये मांडला. सर्वाधिक लाव्हा आघाताआधी वाहिला की नंतर, यावर मात्र २०१९ मध्ये वयमापन करणाऱ्या दोन गटांचेही एकमत झाले नाही.

आपल्या प्रयोगशाळांत गुरुत्वत्वरण ९.८ यावे म्हणून विद्यार्थी आकडे मागाहून जुळवतात. मीही जुळवले आहेत. गुण मिळाले, मोजणीवर विश्वास ठेवायला शिकायला पुढे कित्येक वर्षे लागली. हवेसे उत्तर हाती आल्यावरही पुन्हा मोजून ते टाकून देण्याला आपण गुण देणार का? दख्खनचा खडक आपल्या दारात आहे; त्याचे उत्तर शोधणारे हात तसेच प्रामाणिक हवेत.