मोळीतील कुऱ्हाड

७ जानेवारी २०२४ रोजी रोममधील आक्का लारेन्तिया या रस्त्यावर शेकडो माणसे लष्करी शिस्तीने रांगा धरून उभी राहिली आणि एका पुकाऱ्यासरशी सर्वांचे उजवे हात एकदम वर गेले. ती दृश्ये जगभर पाहिली गेली, इटलीत राजकीय वादळ उठले. त्यानंतर अवघ्या अकरा दिवसांनी तेथील सर्वोच्च न्यायपीठाने अशाच एका जुन्या प्रकरणात निर्णय दिला की, फॅसिस्ट पक्षाच्या पुनरुज्जीवनाचा प्रत्यक्ष धोका संभवत असेल तर ही सलामी १९५२ च्या कायद्यानुसार गुन्हा ठरते. निर्णय योग्य की अयोग्य, याचा खल इटालियन विधिज्ञांनी करावा. आम्हांला खटकले ते वेगळेच. त्या सलामीचे समर्थक, विरोधक, वृत्तपत्रे आणि न्यायालय, सगळेच तिला एकाच नावाने ओळखतात : ‘रोमन सलामी’. मुसोलिनीला जाऊन आठ दशके लोटली, पण त्याने चलनात आणलेले हे खोटे नाणे अजून बिनदिक्कत खपते आहे!

कारण ती सलामी रोमन नव्हेच. एकाही उपलब्ध रोमन ग्रंथात अशा अभिवादनाचे वर्णन आढळत नाही. तिचा उगम फ्रेंच चित्रकार दाविद याच्या १७८४ सालच्या चित्रात आहे. होराती बंधू शपथ घेताना हात पुढे पसरतात, असे त्याने कल्पनेने रंगविले. पुढे रंगभूमीने ती मुद्रा उचलली आणि १९१४ च्या ‘काबिरिया’ या गाजलेल्या मूकपटाने ती घरोघर पोहोचविली. त्या मूकपटाच्या शीर्षकपट्ट्यांवर नाव होते कवी दानुन्झिओचे. याच दानुन्झिओने १९१९ मध्ये फिउमे शहर बळकावले. सज्जात उभे राहून जमावाला प्रश्न विचारायचे आणि जमावाने एकमुखाने गर्जना करायची, हा खेळ त्याने तेथे वर्षभराहून अधिक काळ चालविला. मुसोलिनीने तो सबंध उचलला. म्हणजे ज्याला दोन सहस्र वर्षांची परंपरा म्हणून मिरविले, ती चित्र, चित्रपट आणि एका कवीची हौस यांतून आलेली उसनवारी होती.

काळ्या सदऱ्याची कथाही अशीच. पहिल्या महायुद्धात, १९१७ साली, इटालियन सैन्याने ‘आर्दिती’ नावाची हल्लेखोर पथके उभी केली. खंजीर आणि हातबॉम्ब घेऊन शत्रूच्या खंदकात उडी घेणारे हे शूर लोक. त्यांच्या गळपट्टीवर काळ्या ज्वाळांचे चिन्ह असे. युद्ध संपल्यावर त्यांतले अनेक जण मुसोलिनीकडे गेले आणि काळा रंग सोबत नेला. पण सगळे गेले नाहीत, हे सहसा सांगितले जात नाही. १९२१ मध्ये आर्दितींच्याच एका गटाने फॅसिस्टांच्या विरोधात ‘जनतेचे आर्दिती’ ही संघटना काढली. ऑगस्ट १९२२ मध्ये पार्मा शहरात रस्त्यारस्त्यांत अडथळे उभारून त्यांनी बाल्बोच्या हजारो काळ्या सदरेवाल्यांना परत फिरविले. एकाच युद्धातून आलेले सैनिक अडथळ्याच्या अल्याड होते आणि पल्याडही. तेव्हा नुसत्या कापडाला दोष देऊन भागत नाही. कुठे रांग दिसली, कुठे गणवेश दिसला की ‘फॅसिझम’ असा शिक्का मारून मोकळे होणाऱ्या आळशी पंडितांनी पार्मा वाचलेले नसते. मात्र त्यांना उत्तर म्हणून ‘गणवेशात काय आहे, ते तर केवळ कापड’ असे म्हणणाऱ्यांनीही पुढचा इतिहास वाचलेला नसतो.

तो इतिहास समजून घ्यायचा तर मूळ चिन्हाकडे गेले पाहिजे. ‘फाशो’ म्हणजे जुडी, मोळी. प्राचीन रोममध्ये काठ्यांची चामड्याने बांधलेली मोळी आणि तीत खोवलेली कुऱ्हाड घेऊन दंडधारी सेवक अधिकाऱ्यांपुढे चालत. कॉन्सलपुढे बारा, डिक्टेटरपुढे चोवीस. काठी म्हणजे फटक्यांचा अधिकार, कुऱ्हाड म्हणजे शिरच्छेदाचा. इतके सर्वांना ठाऊक असते. परंतु या चिन्हाचा आत्मा पुढच्या नियमात होता. नगराच्या सीमेत शिरताना मोळीतील कुऱ्हाड काढून ठेवावी लागे. कारण नगरात नागरिक राहत आणि प्राणदंडाविरुद्ध जनसभेकडे दाद मागण्याचा नागरिकाला हक्क होता. परंपरेप्रमाणे प्रजासत्ताकाच्या पहिल्या काळातील वालेरिउस पुब्लिकोला याने तर जनसभेपुढे मोळी खाली झुकविण्याचाही पायंडा पाडला. नगरात कुऱ्हाड बाळगण्याची मुभा होती ती संकटसमयी नेमलेल्या डिक्टेटरला, आणि त्याची मुदत सहा महिने!

मुसोलिनी सत्तेवर राहिला जवळजवळ एकवीस वर्षे. डिसेंबर १९२६ मध्ये मोळी हे राज्याचे अधिकृत चिन्ह ठरले. टपाल तिकिटे, नाणी, शाळांची दारे, गटारांची झाकणे, सर्वत्र मोळी, आणि मोळीत कुऱ्हाड. रोमने जे नगराबाहेर ठेवले ते याने नागरिकाच्या उशाशी आणून ठेवले. परंपरेचे चिन्ह घेतले आणि त्या चिन्हाला परंपरेने घातलेला लगाम तेवढा तोडून फेकला. रोमच्या नावाने झालेला रोमचा याहून मोठा अपमान दुसरा नाही. बार्बेरियन टोळ्यांनी रोम लुटले तेव्हा निदान आपण रोमचे वारस आहोत असा दावा त्यांनी केला नव्हता.

कुऱ्हाड नगरात आली म्हणजे प्रत्यक्षात काय झाले? दोन उदाहरणे पुरेत. आर्जेन्ता या गावी दोन जोव्हान्नी मिन्झोनी नावाचे धर्मगुरू होते. महायुद्धात सैन्याबरोबर राहून त्यांनी रौप्यपदक मिळविले होते, म्हणजे देशप्रेमाची परीक्षा ते उत्तीर्ण झालेले. त्यांनी गावातील मुलांचे बालवीर पथक काढले. मुलांना गणवेश होता, शिस्त होती, ध्वज होता. स्थानिक फॅसिस्टांना हेच सहन होईना. २३ ऑगस्ट १९२३ च्या रात्री त्यांना सोट्यांनी मारून ठार करण्यात आले. पुढे १९२७-२८ मध्ये बालवीर संघटनाच देशभर बंद केल्या गेल्या, कारण मुलांनी आता फक्त सरकारी ‘बालिल्ला’त जायचे होते. (मिलानच्या काही मुलांनी मात्र ‘भटके गरुड’ या नावाने १९४५ पर्यंत आपले पथक गुप्तपणे चालविले. इटलीच्या त्या काळातील ही एक विलक्षण उजळ गोष्ट आहे.) मित्रपक्षाचीही गत वेगळी नव्हती. राष्ट्रवादी पक्षाचे निळे सदरे १९२३ मध्ये काळ्या सदऱ्यांत विरघळून गेले. फॅसिझमची ओळख त्याच्या गणवेशात नव्हती. दुसऱ्याचा गणवेश त्याला पाहवत नसे, यात ती होती.

दुसरे उदाहरण जाकोमो मात्तेओत्ती यांचे. ३० मे १९२४ रोजी या समाजवादी सदस्याने संसदेत उभे राहून नुकत्याच झालेल्या निवडणुकीतील दंडेली पुराव्यांसह मांडली. १० जून रोजी त्यांना भर दिवसा मोटारीत कोंबून नेण्यात आले आणि भोसकण्यात आले. प्रेत सापडले ऑगस्टमध्ये. ३ जानेवारी १९२५ रोजी मुसोलिनीने संसदेतच सांगितले की, जे घडले त्याची सारी जबाबदारी आपण घेतो. दाद मागण्याचा हक्क त्या दिवशी संपला.

हे सर्व रोखता आले नसते काय? आले असते. पण शहाणीसुरती माणसे हसत होती. उदारमतवादी जोलित्ती यांनी १९२१ च्या निवडणुकीत फॅसिस्टांना आपल्या आघाडीत घेतले. हिशेब असा की, पोरे चार दिवस सदरे घालून मिरवतील आणि खुर्ची मिळाली की कोट चढवतील. ऑक्टोबर १९२२ मध्ये पावसात भिजलेले, धड शस्त्रे नसलेले जमाव रोमभोवती गोळा झाले. सैन्य त्यांना पांगवू शकत होते. राजाने लष्करी कायद्याच्या आदेशावर सही केली नाही आणि मुसोलिनी मिलानहून रेल्वेच्या शयनयानाने पंतप्रधान व्हायला आला. १९२३ च्या आरंभी तेच काळे सदरे सरकारी पगारावरील सशस्त्र दल झाले. आरंभी त्या दलाची शपथ राजाशी निष्ठेची नव्हती! ज्यांनी नाटक म्हणून टाळ्या दिल्या त्यांच्या लक्षात आले तेव्हा नाट्यगृहाची दारे बाहेरून बंद झाली होती.

मग नाटकही वाढत गेले. अकिल्ले स्ताराचे १९३१ ते १९३९ पक्षाचा सचिव होता. त्याच्या अमदानीत हस्तांदोलन हे अनारोग्यकारक आणि दुर्बलांचे म्हणून निषिद्ध ठरले. सहा वर्षांच्या मुलालाही काळा सदरा चढला. १९३८ मध्ये जर्मन धाटणीची पावले टाकणे सुरू झाले आणि त्यालाही नाव दिले ‘रोमन पाऊल’. त्याच वर्षी आदरार्थी ‘लेई’ हे सर्वनाम सोडून ‘व्होई’ वापरण्याचा हुकूम सुटला. उद्या कोणी फर्मान काढावे की मराठी माणसाने ‘आपण’ म्हणावयाचे नाही, ‘तुम्ही’च म्हणावयाचे, तसलाच हा प्रकार. ‘लेई’ नावाच्या एका महिला साप्ताहिकाला बिचाऱ्याला नाव बदलावे लागले. पक्षाचा सभासद झाल्याखेरीज सरकारी नोकरी मिळेना, तेव्हा लोक पक्षाच्या आद्याक्षरांचा अर्थ ‘कुटुंबाच्या गरजेपोटी’ असा लावू लागले आणि कोटाच्या कॉलरवरील बिल्ल्याला ‘ढेकूण’ म्हणू लागले. घरात ढेकूण म्हणायचे आणि सकाळी तोच बिल्ला नीट लावून कचेरीत जायचे. राष्ट्राचे चारित्र्य घडविण्याची भाषा करणाऱ्या राजवटीने लाखो सभ्य कुटुंबांना रोजच्या रोज खोटे वागण्याची सवय लावली. सोट्यांनी झालेल्या जखमा भरून आल्या असतील. या सवयीचे काय?

परदेशी पाहुण्यांना अर्थातच ढेकूण दाखवीत नसत. त्यांना संचलन दाखवीत. १९२६ मध्ये रवींद्रनाथ ठाकूर मुसोलिनीच्या सरकारचे पाहुणे होते आणि प्रभावितही झाले. इटलीबाहेर पडल्यावर परागंदा इटालियनांची हकीकत त्यांच्या कानी आली, तेव्हा त्यांनी इंग्लंडच्या वृत्तपत्रात पत्र प्रसिद्ध करून फॅसिझमचा जाहीर निषेध केला. मार्च १९३१ मध्ये, गोलमेज परिषदेहून परतताना, डॉ. बा. शि. मुंजे रोमला गेले. मुसोलिनीला भेटले, बालिल्लाच्या संस्था त्यांनी पाहिल्या आणि त्या त्यांना आवडल्या. हिंदी तरुणांना सैनिकी शिक्षण मिळावे ही त्यांची तळमळ खरी होती. पण जे त्यांना दाखविले गेले नाही त्याचीही नोंद आपण ठेवली पाहिजे. आपल्या वडीलधाऱ्यांबद्दलचा आदर हा इतिहासाकडे पाठ फिरविण्याचा परवाना नव्हे. मात्तेओत्तींचा खून होऊन तेव्हा सात वर्षे होत आली होती. बालवीरांची पथके बंद झाली होती. आणि डॉ. मुंजे परतल्यावर दोनच महिन्यांत, १४ मे रोजी, बोलोन्या येथे जगद्विख्यात संगीतकार आर्तुरो तोस्कानिनी यांनी मैफिलीपूर्वी पक्षाचे गीत वाजविण्यास नकार दिला म्हणून नाट्यगृहाच्या दाराशी त्यांच्या तोंडात मारण्यात आली. गणवेशातल्या रांगेत काय दिसते यावरून राजवट कळत नाही. रांगेबाहेर राहिलेल्याचे काय होते, तेथे ती कळते.

आणि रांगेत आलेल्याचे तरी काय झाले? तोरिनोचे एत्तोरे ओवाझ्झा हे ज्यू कुटुंबातले. महायुद्धात लढलेले, १९२२ च्या रोमवरील कूचमध्ये सामील झालेले, कट्टर फॅसिस्ट. ज्यूंनी राजवटीशी एकनिष्ठ राहावे म्हणून ते नियतकालिक चालवीत. १९३८ मध्ये वंशभेदाचे कायदे आले, ज्यू मुले शाळांतून आणि ज्यू अध्यापक विद्यापीठांतून बाहेर काढले गेले. ओवाझ्झांची निष्ठा कोणाच्या उपयोगी पडली नाही, त्यांच्या स्वतःच्याही नाही. ऑक्टोबर १९४३ मध्ये माज्जोरे सरोवराच्या काठी एसएसच्या जर्मनांनी त्यांना सहकुटुंब मारले.

त्यापूर्वीच, २५ जुलै १९४३ रोजी, मुसोलिनी पदच्युत झाला होता. त्या रात्री रोमच्या रस्त्यांवर एकही काळा सदरा दिसेना. एवढे मोठे सशस्त्र दल, पण त्याने बोटही उचलले नाही. लोकांनी शिड्या लावून भिंतींवरच्या मोळ्या छिन्नीने फोडल्या. सदरे गेले, पण त्यांनी आणलेले युद्ध आणखी दोन वर्षे त्या भूमीवर रेंगाळले आणि त्याची किंमत आपल्याकडच्या घरांनीही मोजली. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे बावीस वर्षांचे नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी टायबरच्या वरच्या खोऱ्यात, तुकडीतले सगळे सहकारी पडल्यावर, एकटे मशीनगनवर चालून गेले आणि धारातीर्थी पडले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. टायबर म्हणजे रोमची नदी.

रोमन परंपरेचा खरा वारस शोधायचाच असेल तर तो वेगळीकडे सापडतो. १९३१ मध्ये विद्यापीठांतील सुमारे बाराशे प्राध्यापकांना राजवटीशी निष्ठेची शपथ घेण्याचा हुकूम झाला. नकार देणारे निघाले जेमतेम डझनभर. त्यांत गाएतानो दे सांक्तिस होते. रोम विद्यापीठात त्यांचा विषय होता प्राचीन रोमचा इतिहास. ज्याने आयुष्यभर रोम अभ्यासले त्याला रोमच्या नावाने मागितलेली शपथ घेता आली नाही! त्यांचे अध्यासन गेले. १९३७ मध्ये ऑगस्टसच्या द्विसहस्राब्दीनिमित्त राजधानीत रोमन वैभवाचे प्रचंड प्रदर्शन भरले, तेव्हा रोमचा हा थोर इतिहासकार विद्यापीठाबाहेर होता. फॅसिझम कोसळल्यानंतर, १९४४ मध्ये, ते अध्यासन त्यांना सन्मानाने परत मिळाले. तोवर त्यांची दृष्टी जवळजवळ गेलेली होती.