तारणाविना भांडवल

नव्या कंपनीने आपले भाग वाजवीहून अधिक किमतीस विकले, तर ती वरकड रक्कम उत्पन्न समजून तीवर कर आकारण्याची तरतूद २०१२ मध्ये झाली होती. 'एंजल कर' या नावाने बदनाम झालेली ही तरतूद २०२४ च्या अर्थसंकल्पात रद्द करण्यात आली. कायद्याची अडचण दूर झाली; तथापि कोल्हापूरसारख्या शहरात बिनतारणी पैसा घालणारा माणूस कोठून यावयाचा, हा प्रश्न तेवढ्याने सुटत नाही. या संदर्भात सुहास पाटील यांची कारकीर्द पाहण्याजोगी आहे.

१९४४ साली जमशेदपुरात जन्मलेले पाटील १९६५ मध्ये खरगपूरच्या आय.आय.टी.तून पदवीधर झाले आणि अमेरिकेत एम.आय.टी.ची डॉक्टरेट त्यांनी १९७० मध्ये मिळविली. काही वर्षे तेथे व पुढे युटा विद्यापीठात अध्यापन केल्यावर, चिपची रचना झटपट करण्याच्या आपल्या संशोधनाच्या बळावर त्यांनी १९८१ मध्ये सॉल्ट लेक सिटीत 'पाटील सिस्टिम्स' काढली. १९८४ मध्ये ती कॅलिफोर्नियात जाऊन 'सिरस लॉजिक' झाली. कारभाराची सूत्रे मायकेल हॅकवर्थ या अनुभवी व्यवस्थापकाकडे गेली. आपल्या नावाची कंपनी नाव बदलून दुसऱ्याच्या हाती चालू देणे, हे आपल्याकडील घरगुती कारखानदारीस आजही पेलत नाही.

रचना आपली, उत्पादन दुसऱ्याच्या कारखान्यात, ही या कंपनीची रीत त्या काळी नवीनच होती. १९८९ मध्ये तिचे भाग बाजारात आले. १९९० नंतरच्या दशकाच्या मध्यास वार्षिक विक्री शंभर कोटी डॉलरांपलीकडे गेली. मग आय.बी.एम. आदींच्या भागीदारीत उत्पादनाच्या कारखान्यांतच पैसा गुंतविला गेला, संगणकाच्या चित्रचिपांची बाजारपेठ फिरली, आणि तोटा अंगावर आला. ध्वनीच्या चिपांकडे वळून कंपनी तगली. चढ आणि उतार या दोहोंचा हा अनुभव गुंतवणूकदाराच्या खिशातील रकमेइतकाच मोलाचा असतो.

१९९२ मध्ये भारतीय उपखंडातून आलेल्या उद्योजकांनी सिलिकॉन व्हॅलीत 'टाय' ही संस्था स्थापिली. पाटील तिच्या संस्थापकांपैकी एक. भारतीय माणूस इंजिनिअर उत्तम, पण कंपनी त्याच्या हाती देऊ नये, असा तेथील भांडवलदारांचा समज होता. एक्सलान कंपनीचे कंवल रेखी आणि पाटील यांच्यासारख्यांनी नवागतांच्या कंपन्यांत स्वतःचे पैसे घातले, तेव्हा त्या पैशाबरोबर त्यांची पतही गेली. बंद दारे उघडली ती पतीने.

कोल्हापूरला ही रीत परकी नाही. बाबुराव पेंटर यांनी स्वतः कॅमेरा घडविला, पण महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली ती तानीबाई कागलकर या गायिकेच्या आर्थिक पाठबळावर. चित्रपटाचा धंदा चालेल की बुडेल, हे त्या काळी कोण सांगणार होते? १९२९ मध्ये प्रभात निघाली, तेव्हा शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर यांच्या जोडीला सीतारामपंत कुलकर्णी हे सराफ होते.

पुढे या जिल्ह्याची ऐपत सहकारात वाढली. साखर आणि दूध यांसाठी ती पद्धत योग्यच ठरली. परंतु जेथे प्रत्येक सभासदास एक मत आणि लाभांशास मर्यादा, तेथे एका मुलाच्या न अजमावलेल्या कल्पनेवर पैसा लावण्यास संचालक मंडळ कसे धजावे? बँक तर तारण मागते, आणि त्या मुलापाशी पदवीखेरीज काही नसते. मग तो पुणे किंवा बंगळूरची गाडी पकडतो.

सरकारी योजनेतून इमारत मिळते, अनुदान मिळते. स्वतः आपटी खाऊन सावरलेला सल्लागार त्यातून मिळत नाही. तो उद्यमनगरात, गोकुळ शिरगावात आहे. ओतकामात कोणता माल का नापास होतो, हे फाउंड्रीमालकाइतके कोणास ठाऊक? त्यावर उपाय शोधणाऱ्या स्थानिक कंपनीत त्याने थोडे भाग घेतले, तर तिला भांडवलाआधीच पहिले गिऱ्हाईक लाभेल.