पाटीवर एक, स्टेटमेंटवर भलतंच!

ट्रेंट लिमिटेड. बिगट्री एंटरटेनमेंट. हार्डकॅसल रेस्टॉरंट्स. इन्फिनिटी रिटेल. रॉपेन ट्रान्सपोर्टेशन.

यातली किती नावं ओळखीची वाटली? कॉमर्सवाले सोडले तर बहुतेकांना एकही नाही. आता हीच यादी त्याच क्रमाने पुन्हा वाचा : झुडिओ, बुकमायशो, आपल्याकडचं मॅकडोनाल्ड्स, क्रोमा, रॅपिडो. म्हणजे आपला अख्खा वीकेंड! पहिली यादी कागदोपत्री कंपन्यांची, दुसरी पाट्यांची. आपण पाटी बघून आत शिरतो, पाटीच लक्षात ठेवतो. कार्डच्या स्टेटमेंटवर मात्र कधी पाटीवरचं नाव येतं, कधी कंपनीचं, कधी मधल्या पेमेंट गेटवेचं, तर कधी या सगळ्यांची खिचडी. नावासाठी जागा जेमतेम २२ ते २५ अक्षरांची, त्यामुळे लांब नाव असेल तर मध्येच तुटतं. उरतं ते इंग्रजी कॅपिटल अक्षरांचं कोडं.

यात एवढं काय, असं वाटू शकतं. पण या कोड्याची किंमत कुणीतरी मोजतं.

माझ्या एका मैत्रिणीकडे तिच्या बाबांच्या क्रेडिट कार्डचं ॲड-ऑन कार्ड आहे. ती पुण्यात पीजीत राहते, बाबा सोलापुरात. खर्चाचा मेसेज बाबांच्या मोबाइलवर जातो. गेल्या पावसाळ्यात १,२९८ रुपयांचा एक मेसेज गेला. नाव कुठल्याशा ट्रेडिंग कंपनीचं, शहर गुरुग्राम. बाबांचा फोन आला, ‘‘अगं, हे काय घेतलंस?’’ ती म्हणाली, ‘‘बाबा, मी गुरुग्रामवरून काहीच मागवलं नाहीये.’’ दोघंही खरं बोलत होते. तरी दोन दिवस घरात अबोला. बाबांना वाटलं पोरगी काहीतरी लपवतेय, तिला वाटलं आपल्यावर विश्वासच नाही. तिसऱ्या दिवशी तिला कपाटात बिल सापडलं. एफसी रोडवरच्या दुकानातून घेतलेला रेनकोट आणि सँडल! दुकान पुण्यातलं, पण ते चालवणाऱ्या कंपनीचं ऑफिस गुरुग्रामला.

आपल्यापैकी कितीतरी जणांचं पहिलं कार्ड असंच असतं. पैसे घरचे, मेसेज घरी, वापर आपला. घरी खर्चाचा हिशोब द्यायला हरकत नाही, तो द्यायलाच हवा. पण न केलेल्या गोष्टीचा खुलासा करावा लागणं वेगळं. स्टेटमेंटवर दुकानाचं खरं नाव असतं, तर हा अबोला झालाच नसता.

याची दुसरी बाजू जास्त धोकादायक आहे. अनोळखी नावांची इतकी सवय होते, की आपण बघणंच सोडून देतो. ‘असेल काहीतरी, १४९ रुपयेच आहेत ना, जाऊ दे.’ नेमकं हेच चोराला हवं असतं. कार्डचा नंबर हाती लागला की तो चालतोय का, हे बघायला आधी किरकोळ रकमेचा व्यवहार करून पाहतात. तो खपला की मग मोठा हात मारतात. म्हणजे १४९ रुपयांचा मेसेज हा कधीकधी पुढच्या १४,९०० रुपयांचा इशारा असतो. पण रोजच अनोळखी नावं येत असतील, तर त्यातलं चोराचं कोणतं आणि रेनकोटवाल्याचं कोणतं हे कसं ओळखायचं?

घड्याळ मात्र चालू असतं

रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात आपल्या बाजूचे बरेच नियम आहेत. चूक तुमचीही नाही आणि बँकेचीही नाही, तिसऱ्याच कुणीतरी पैसे काढले, आणि बँकेचा मेसेज आल्यापासून कामकाजाच्या तीन दिवसांत तुम्ही कळवलंत, तर तुमचं नुकसान शून्य. चौथ्या ते सातव्या दिवसात कळवलंत तर थोडा भार तुमच्यावर येतो. नेहमीचं बचत खातं किंवा पाच लाखांपर्यंत मर्यादा असलेलं क्रेडिट कार्ड असेल, तर तो जास्तीत जास्त १०,००० रुपये. सात दिवसांनंतर काय होणार, ते त्या त्या बँकेच्या धोरणावर. चूक बँकेचीच असेल तर कधीही कळवा, भार बँकेवर. पण ओटीपी किंवा पिन तुम्हीच कुणाला सांगितला असेल, तर तक्रार करेपर्यंतचं सगळं नुकसान तुमचं.

तक्रार आल्यावर बँकेने कामकाजाच्या दहा दिवसांत ती रक्कम तात्पुरती खात्यात जमा करायची आणि ९० दिवसांच्या आत प्रकरण निकाली काढायचं, असंही त्यात आहे. चूक ग्राहकाची होती, हे सिद्ध करायची जबाबदारीसुद्धा बँकेवर. नियम चांगलेच आहेत, वाद नाही.

पण नीट बघा. घड्याळ सुरू होतं ते बँकेच्या मेसेजपासून, आणि स्टेटमेंट येतं महिन्यातून एकदा. स्टेटमेंट वाचताना चोरी लक्षात आली, तर तीन दिवस बहुधा कधीच उलटून गेलेले असतात. म्हणजे खरा दस्तऐवज तो एक ओळीचा एसएमएस. आणि त्याच एसएमएसमध्ये नाव असं, की ते वाचून काही कळत नाही! तीन दिवसांत ओळखा म्हणायचं आणि ओळखण्यासारखं काही द्यायचं नाही, हा कुठला न्याय?

तोपर्यंत आपण काय करायचं?

व्यवस्था सुधारेल तेव्हा सुधारेल. तोवर अनोळखी नाव दिसलं की दोन टोकं टाळायची. ‘जाऊ दे’ म्हणायचं नाही आणि लगेच ‘फ्रॉड झाला’ म्हणून ओरडायचंही नाही. तुम्ही स्वतः केलेल्या खरेदीवर बँकेत वाद घातलात, तर विक्रेत्याचे पैसे अडकतात. तो विक्रेता मोठी कंपनी असेल तर तिला फरक पडणार नाही. पण इन्स्टावर हाताने केलेले कानातले विकणारी आपल्याच वयाची एखादी मुलगी असेल, तर पडतो.

म्हणून आधी ओळख पटवा. नावापेक्षा रक्कम बघा, कारण नाव बदलतं, पण रुपयांतली खरेदी असेल तर आकडा सहसा तोच राहतो. ईमेल आणि एसएमएसमध्ये तो आकडा शोधा. तारखेला फार चिकटून बसू नका. खरेदी शनिवारी केलीत आणि नोंद सोमवारी-मंगळवारी पडली, असं होतं. परदेशी साइट असेल तर डॉलरच्या भावावर बँकेचं शुल्क आणि त्यावर जीएसटी चढतो, त्यामुळे आकडाही थोडा वेगळा दिसतो. बिल सापडलं तर त्यावरची बारीक अक्षरं वाचा. पाटीवरचं नाव वर मोठ्ठं असतं, कंपनीचं नाव जीएसटी क्रमांकाच्या आसपास दडलेलं असतं.

मग आठवा, कुठे ‘पहिला महिना फुकट’ घेतला होता का? अशा दर महिन्याच्या वसुलीसाठी ऑक्टोबर २०२१ पासून नियम आहे, की पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी बँकेने कळवायचं आणि नको असेल तर थांबवायची सोय द्यायची. २०२२ पासून १५,००० रुपयांपर्यंतच्या अशा वसुलीला दर वेळी ओटीपी लागत नाही. त्यामुळे तो आधीचा मेसेज वाचला नाही, तर पैसे गुपचूप जातात. बँकेच्या ॲपमध्ये अशा चालू परवानग्यांची यादी बघायला मिळते. एकदा बघाच, दोन-तीन विसरलेल्या तरी सापडतील. सोडता येऊ नये अशा बेताने रचलेलं सबस्क्रिप्शन किंवा न विचारता बिलात घुसवलेली वस्तू, या दोन्ही गोष्टी केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने नोव्हेंबर २०२३ मध्ये जाहीर केलेल्या १३ ‘डार्क पॅटर्न’च्या यादीत आहेत. म्हणजे विक्रेत्याला जाब विचारायचा तुम्हाला हक्क आहे.

एवढं करूनही ओळख पटली नाही, तर वेळ घालवू नका. ॲपमधून कार्ड बंद करा, बँकेला कळवा, तक्रारीचा क्रमांक घ्या. फोन करताना नंबर कार्डच्या मागचा किंवा ॲपमधलाच. गुगलवर ‘कस्टमर केअर’ शोधू नका. तिथे बनावट नंबर टाकून बसलेले असतात, आणि १४९ रुपये परत मिळवण्याच्या नादात ओटीपी सांगितलात तर वर सांगितलेला नियम तुमच्याच विरोधात जातो. फसवणूक असेल तर १९३० या सायबर हेल्पलाइनवरही लगेच कळवा. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही किंवा दिलेलं पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तक्रार करता येते. त्याला पैसे लागत नाहीत, वकीलही लागत नाही.

आणखी एक. नवीन कार्डवर ऑनलाइन आणि परदेशातला वापर सुरुवातीला बंद असतो, तो आपण सुरू करतो. जीआरईची फी भरायला किंवा बाहेरच्या युनिव्हर्सिटीचा अर्ज करायला परदेशी व्यवहार सुरू केलेला असतो आणि तो तसाच राहतो. अनेक परदेशी साइट ओटीपी विचारतही नाहीत. काम झालं की बटण बंद. पाच सेकंदांचं काम आहे.

नाव सरकारला माहीत, आपल्यालाच नाही

आता मूळ मुद्दा. ‘तुम्ही मुलं वाट्टेल तिथे कार्ड घासता, मग लक्षात कसं राहणार?’ हे आपल्याला हमखास ऐकवलं जातं. त्यात थोडं तथ्य आहे, मान्य. पण महिन्याला चारच वेळा कार्ड वापरणाऱ्या आजोबांनाही ‘इन्फिनिटी रिटेल’ म्हणजे आपला मिक्सर घेतला ते दुकान, हे कळणार नाही. हा दोष लक्ष नसण्याचा नाही, माहिती नसण्याचा आहे.

आणि ही माहिती अस्तित्वात नाही असंही नाही. जीएसटीच्या सरकारी पोर्टलवर कुठल्याही दुकानाचा जीएसटी क्रमांक टाका, कायदेशीर नाव आणि व्यापारी नाव दोन्ही शेजारी-शेजारी दिसतात. कर गोळा करायचा तेव्हा सरकारला दोन्ही नावं लागतात. यूपीआयवर पैसे पाठवण्याआधी बँकेत नोंदलेलं नाव समोर येतं, म्हणून चहाच्या टपरीवर काकांऐवजी काकूंचं नाव दिसलं तरी आपण जागेवरच विचारून घेतो. व्हिसासारख्या कार्ड नेटवर्कच्या नियमांतही ग्राहक ज्या नावाने दुकान ओळखतो तेच नाव वापरावं, अशी अपेक्षा आहे. म्हणजे तंत्रज्ञान आहे, माहिती आहे, नियमही आहे. तरीही आपल्या मोबाइलवर तुटकं नाव येतं, कारण ते बदलून घ्यायची घाई कुणालाच नाही.

महाराष्ट्रात दुकानाची पाटी मराठीत, देवनागरीत हवी असा कायदा आहे. दुकान कुणाचं ते ग्राहकाला त्याच्या भाषेत कळावं, हा त्यामागचा साधा विचार. मग मोबाइलवर येणारी ती एक ओळ ही आजच्या काळातली पाटीच नाही का? मराठी राहू दे, निदान ओळखू येईल असं नाव तरी द्या!

मागणी फार मोठी नाहीये. मेसेजमध्ये आणि स्टेटमेंटवर पाटीवरचं नाव आधी, कंपनीचं नंतर, आणि सोबत विक्रेत्याचा एक फोन नंबर. तोपर्यंत दुकानांनी बिलाच्या तळाशी ‘तुमच्या स्टेटमेंटवर आमचं नाव असं दिसेल’ एवढी ओळ छापली तरी पुष्कळ. आणि हे आपण मागितल्याशिवाय होणार नाही. पुढच्या वेळी अनोळखी नाव दिसलं आणि ते ओळखीच्याच दुकानाचं निघालं, तर ‘हुश्श’ म्हणून सोडून देऊ नका. बँकेच्या ॲपमध्ये जाऊन दोन ओळी लिहा : ‘हे नाव मला कळलं नाही. दुकानाचं नाव द्या.’ दहा जणांनी लिहिलं तर कचऱ्यात जाईल. दहा हजार विद्यार्थ्यांनी लिहिलं तर बँकेला उत्तर द्यावंच लागेल.